भात, वाल आणि शेवळीं

भिवंडी म्हटली म्हणजे मागांचा खडखडाट व गोदामांच्या रांगा डोळ्यांपुढें येतात. परंतु हा तालुका मूळचा भातशेतीचा. येथील स्वयंपाक शेताच्या क्रमानें चालतो.

पहिला पाऊस पडतांच रानांत शेवळीं उगवतात व आदिवासी भगिनी त्यांच्या जुड्या बाजारांत आणतात. शेवळ्यांत कॅल्शियम ऑक्झॅलेटचे सुईसारखे सूक्ष्म स्फटिक असतात. त्यांमुळें घसा खाजतो. म्हणून काकड वृक्षाचीं आंबट फळें अथवा चिंच घालून तीं चांगलीं शिजवितात. काकडेंहि त्याच दिवसांत मिळतात. विकार व उतारा एकाच टोपलींत!

भात कापल्यावर जमिनींत उरलेल्या ओलीवर वाल पेरतात. वालाच्या मुळांवरील गांठींत राहणारे जंतु हवेंतील नायट्रोजन धरतात, तेणेंकरून जमीन सकस होते. सुकवून ठेवलेले वाल पुढें भर पावसाळ्यांत भिजवून, मोड आणून, सोलून त्यांचें बिरडें करतात. तांदुळाच्या प्रथिनांत लायसीन हा घटक कमी, तो वालांत विपुल. वालांत मेथायोनीन कमी, तें तांदूळ पुरवितो. शेतांतील सोबती पानांतहि सोबतीच ठरतात.

विद्यार्थिमित्रहो, भातखाचरें गोदामांखालीं जात आहेत. त्यांबरोबर ही विद्याहि जाण्याचें भय आहे. शेवळें कसें निवडावें, काकडें किती घालावीं, हें बहुधा आई-आजीच्या हातांतच असतें. तरी येत्या मृगांत वही घेऊन चुलीपाशीं बसा, विचारा व लिहून ठेवा. आणि जेवणापूर्वीं देवाचे आभार मानतांना त्या हातांचेंहि स्मरण असूं द्या.