ओत रूट

ओत रूट हा आल्प्स पर्वतातील स्की-गिर्यारोहणाचा मार्ग आहे. तो माँ ब्लाँच्या पायथ्याचे शामोनी (फ्रान्स) आणि मॅटरहॉर्नच्या पायथ्याचे झेरमाट (स्वित्झर्लंड) या गावांना जोडतो. फ्रेंच भाषेत या नावाचा अर्थ ‘उंचावरचा मार्ग’ असा होतो. हा प्रवास साधारणतः सहा ते सात दिवसांचा असून मुक्काम डोंगरातील निवाऱ्यांमध्ये केला जातो.

== इतिहास ==
इ.स. १८६१ च्या सुमारास ब्रिटिश गिर्यारोहकांनी हा मार्ग उन्हाळ्यात पायी जाण्यासाठी शोधला. १९०३ मध्ये स्कीवरून तो पार करण्याचा प्रयत्न झाला व १९११ मध्ये त्यात यश आले.

== स्वरूप व साधने ==
मार्गाचा बहुतांश भाग हिमनद्या आणि खिंडींतून जातो. वापरामुळे घट्ट झालेल्या, राखलेल्या उतारांवरील स्कीइंगप्रमाणे येथे वर नेणारे रोपवे नसतात. चढण स्वतःच्या बळावर चढावी लागते. त्यासाठी स्कीच्या तळाला केसाळ पट्टी चिकटवतात. तिचे केस एकाच दिशेने झुकलेले असल्यामुळे स्की पुढे सरकते, पण मागे घसरत नाही. चढताना बुटाची टाच मोकळी असते. उतरताना पट्टी काढून टाच स्कीला जखडली जाते.

== हंगाम व धोके ==
मार्चच्या मध्यापासून मेच्या आरंभापर्यंतचा काळ सोयीचा मानला जातो. या काळात हिमनद्यांतील भेगा बर्फाच्या थराने बऱ्याच अंशी झाकलेल्या असतात. मात्र दुपारच्या उन्हाने बर्फ सैल होऊन हिमस्खलनाचा धोका वाढतो. म्हणून पहाटे निघून दुपारपूर्वी मुक्काम गाठण्याची पद्धत आहे. ३० ते ४५ अंशांचे उतार हिमस्खलनाच्या दृष्टीने सर्वाधिक धोकादायक ठरतात. गाडलेल्या व्यक्तीच्या बचावाची शक्यता पहिल्या काही मिनिटांनंतर झपाट्याने घटते. बाहेरून मदत येईपर्यंत बहुधा उशीर झालेला असतो. त्यामुळे प्रत्येकाकडे संदेशप्रक्षेपक, शोधकाठी व फावडे असणे आणि सोबत्यांना ते वापरता येणे आवश्यक असते.

वादळात दिशा हरवणे हाही तितकाच गंभीर धोका आहे. एप्रिल २०१८ च्या अखेरीस पीन्य दारोला शिखराच्या परिसरात १४ जण वादळात सापडले. त्यांना रात्र उघड्यावर काढावी लागली आणि त्यांपैकी सात जणांचा मृत्यू झाला. व्हिन्येत निवारा तेथून काहीशे मीटरच दूर होता.