सुवर्णयुग आणि लोखंड

खंडेनवमीला आपण घरातले लोखंड पुजतो. विळी, कोयता, नांगराचा फाळ, कारखान्यातली यंत्रे, दारातली रिक्षा, सगळ्यांना हळदकुंकू आणि झेंडूचे फूल मिळते. दुसऱ्या दिवशी दसरा. त्या दिवशी आपट्याची पाने हातावर ठेवून 'सोने घ्या, सोन्यासारखे राहा' असे म्हणतो. एका रात्रीच्या अंतराने दोन्ही धातूंना मान मिळतो, पण एरवी आपल्या बोलण्यात दोघांची पायरी सारखी नाही. जुने ते सोने. गुणी माणूस सोन्यासारखा. परीस लागला की लोखंडाचे सोने होते. सोन्याचे लोखंड झाले असे कोणी कौतुकाने सांगत नाही. लोखंड गेले शनीच्या वाट्याला, आणि शनिवारी ते विकत घेऊ नये असे मानणारी घरे आजही आहेत. बाळंतिणीच्या उशाखाली मात्र विळा किंवा अडकित्ताच ठेवायचा, तिथे सोन्याची अंगठी चालत नाही!

इतिहासाच्या बाबतीतही आपण हेच करतो. चांगल्या काळाला सुवर्णयुग म्हणतो. ही कल्पना आली कुठून, आणि लोखंडाने असे काय पाप केले होते?

युरोपात या कल्पनेचा सर्वांत जुना आणि ठळक उल्लेख सापडतो तो हेसिअड या ग्रीक कवीकडे. इसवी सनापूर्वी सुमारे ७०० वर्षे, ग्रीसमधल्या बिओशिया प्रांतात, डोंगराच्या कुशीतल्या अ‍ॅस्क्रा नावाच्या गावी हा राहत होता. दरबारी कवी नव्हे, शेतकरी. त्याच्या 'कामे आणि दिवस' या काव्यात मानवजातीच्या पिढ्या येतात. पहिली सोन्याची. तिला कष्ट नाहीत, म्हातारपण नाही, धान्य आपोआप उगवते. मग चांदीची, ही माणसे शंभर वर्षे आईच्या पदराआड बाळच राहिली. मग काशाची, भांडकुदळ आणि युद्धखोर. मग ट्रॉयच्या लढाईतले वीर, त्यांना धातूचे नाव नाही. आणि शेवटी लोखंडाची पिढी, म्हणजे हेसिअडची स्वतःची. या पिढीला दिवसा श्रम चुकत नाहीत आणि रात्री काळजी चुकत नाही. पुढे पुढे तर मुले आईबापांना मानणार नाहीत, दिलेल्या शब्दाला किंमत उरणार नाही आणि बळ हाच न्याय ठरेल, असे तो बजावतो.

आता हे काव्य कोणाला उद्देशून आहे ते पाहिले पाहिजे. ते आहे पर्सिस या सख्ख्या भावाला. वडिलांच्या जमिनीची वाटणी झाली, भावाने जास्तीचा वाटा बळकावला आणि लाच खाणाऱ्या पंचांना हाताशी धरले, अशी हेसिअडची तक्रार आहे. म्हणजे लोहयुगाची ही सगळी कैफियत वाटणीत नागवल्या गेलेल्या एका शेतकऱ्याची आहे. आपल्याकडच्या कोणत्याही तालुका कचेरीच्या व्हरांड्यात ती आजही ऐकू येईल. गंमत अशी की, हाच कवी पुढे भावाला शेतीचा सल्ला देतो तेव्हा कृत्तिका पुन्हा दिसू लागल्या की लोखंडाला धार लावण्याची वेळ आली, असे सांगतो. ज्या धातूच्या नावाने युगाला शिव्या दिल्या, त्याच धातूच्या विळ्यावर त्याचे सुगीचे दिवस अवलंबून होते.

धातूंची ही उतरंड इतरत्रही दिसते. पारशी परंपरेतल्या एका ग्रंथात जरथुष्ट्राला चार धातूंच्या चार फांद्यांचे झाड दिसते. बायबलमध्ये डॅनिएलच्या पुस्तकात एक पुतळा आहे, डोके सोन्याचे आणि पाय लोखंडाचे, पावले तर लोखंड आणि माती यांच्या मिश्रणाची. आपल्याकडची कृत, त्रेता, द्वापर आणि कली ही नावे मात्र धातूंची नाहीत, ती द्यूतातल्या फाशांच्या दानांची आहेत. कृत म्हणजे जिंकणारे दान, कली म्हणजे हरणारे. कल्पना तीच: सगळे चांगले होऊन गेले, आपण उतारावर उभे आहोत.

हा उतार उलटा केला एका संग्रहालयाच्या व्यवस्थापकाने. कोपनहेगनच्या संग्रहात आलेल्या जुन्या वस्तूंचा ढीग कसा मांडावा हा प्रश्न ख्रिस्तियन थॉमसन यांच्यापुढे होता. त्यांनी अश्मयुग, कांस्ययुग आणि लोहयुग असा क्रम लावला आणि १८३६ साली प्रसिद्ध झालेल्या मार्गदर्शिकेत तो मांडला. इथे लोखंड शेवटी आले ते अधःपात म्हणून नव्हे, शिकून घेतलेली कला म्हणून. लोखंड वितळवणे तांब्याहून अवघड, पण त्याचे खनिज पुष्कळ ठिकाणी सापडते. तांबे आणि कथील दुरून आणावे लागते, ते राजे-सरदारांना परवडते. लोखंड शेतकऱ्याच्याही हाती पडू शकते. तमिळनाडूतील शिवगलै येथील लोखंड इसवी सनापूर्वी ३३४५ पर्यंत मागे जाते, असे तिथल्या सरकारने जानेवारी २०२५ मध्ये जाहीर केले. त्या तारखेवर अभ्यासकांची चर्चा चालू आहे.

आपल्या शाळेच्या पुस्तकांतले सुवर्णयुग म्हणजे गुप्तांचे. आर्यभट त्या काळातला, कालिदासही त्याच काळातला असे बहुतेक अभ्यासक मानतात. सोने तर अक्षरशः होते. १९४६ साली राजस्थानात बयाना येथे गुप्तांच्या सोन्याच्या सुमारे १८०० नाण्यांचा ठेवा सापडला. त्याची सूची आपल्या अनंत सदाशिव आळतेकरांनी केली. पण 'सुवर्णयुग' हे नाव गुप्तांनी स्वतःला दिलेले नाही. ते विसाव्या शतकाच्या आगेमागे इतिहासकारांनी दिले. पारतंत्र्यातल्या देशाला असा एक काळ हवा होता. दामोदर धर्मानंद कोसंबी यांनी १९५६ च्या आपल्या ग्रंथात यावर बोट ठेवले. गुप्तांमुळे राष्ट्रवाद जागा झाला नाही, राष्ट्रवादामुळे गुप्त पुन्हा जागे झाले, अशा आशयाचा त्यांचा शेरा आहे.

मग तो काळ सर्वांना सोन्याचा होता का? पाचव्या शतकाच्या सुरुवातीला आलेला चिनी भिक्षू फाहियान देशातल्या शांततेची वाखाणणी करतो, आणि तोच लिहितो की चांडाळांना गावाबाहेर राहावे लागे, गावात शिरताना लाकूड वाजवून आपण आल्याची सूचना द्यावी लागे. मध्य प्रदेशातील एरण येथे इसवी सन ५१० चा शिलालेख आहे. त्यात गुप्त राजा भानुगुप्त याच्या बाजूने लढताना पडलेल्या गोपराज नावाच्या सरदाराची पत्नी त्याच्याबरोबर अग्नीत गेल्याचे नोंदले आहे.

आणखी एक गोष्ट मला फार बोलकी वाटते. पुराणांत कलियुगातल्या राजवंशांच्या याद्या आहेत. गंगेकाठचा प्रदेश, प्रयाग, साकेत आणि मगध भोगणारे गुप्त त्या यादीत येतात. म्हणजे आपण ज्यांना सुवर्णयुगाचे राजे म्हणतो, ते पुराणकारांच्या लेखी कलियुगाचे राजे! खुद्द आर्यभटाने आपले वय सांगताना कलियुगाची ३६०० वर्षे झाली तेव्हा मी २३ वर्षांचा होतो असा हिशेब दिला आहे. सुवर्णयुगातला सर्वांत मोठा गणिती आपला जन्म कलियुगातच मोजत होता.

दिल्लीला मेहरौलीत त्याच काळातला लोहस्तंभ उभा आहे. उंची सात मीटरहून थोडी जास्त, वजन सहा टनांच्या आसपास. सुमारे १६०० वर्षांत तो गंजून गेला नाही. कानपूरच्या आयआयटीतील आर. बालसुब्रमण्यम यांनी याचा उलगडा केला. कोळशाच्या भट्टीत तयार झालेल्या त्या लोखंडात फॉस्फरसचे प्रमाण जास्त राहिले, आणि त्यामुळे पृष्ठभागावर एक पातळ संरक्षक थर तयार झाला. लोखंडाचे लहान लहान गोळे तापवून, ठोकून, एकमेकांना जोडून हा खांब घडवला आहे. त्यावर चंद्र नावाच्या राजाची प्रशस्ती कोरली आहे. हा दुसरा चंद्रगुप्त असावा. घडवणाऱ्यांपैकी एकाचेही नाव नाही.

या चंद्रगुप्ताची मुलगी प्रभावतीगुप्ता आपल्या विदर्भात वाकाटकांकडे दिली होती, आणि पतीच्या मृत्यूनंतर तिनेच कारभार पाहिला. तिची राजधानी नंदिवर्धन म्हणजे रामटेकजवळचे नगरधन. त्याच नागपूर जिल्ह्यात पेंच नदीच्या परिसरात नायकुंड आहे. तिथे १९७८ ते १९८० च्या उत्खननात लोखंड गाळण्याची भट्टी मिळाली. ती प्रभावतीच्याही हजार-बाराशे वर्षे आधीची. विदर्भातल्या शिळावर्तुळांखाली त्या काळच्या कुऱ्हाडी, छिन्न्या, वाकस आणि घोड्यांचे लगाम निघतात. त्या लोकांचा ना राजा माहीत, ना कवी, म्हणून त्यांच्या काळाला कोणी सुवर्णयुग म्हटले नाही. लोखंड घडवणाऱ्यांच्या नशिबी पुढेही तेच आले. ऐरण आणि भाता गाडीवर घालून गावोगाव फिरणारी, वेशीबाहेर पाल ठोकून शेतकऱ्यांचे विळे शेवटून देणारी घिसाडी कुटुंबे अनेकांनी पाहिली असतील.

सुवर्णयुग हा शब्दच टाकून द्या असे मी म्हणणार नाही. आर्यभटाची बुद्धी आणि अजिंठ्याचे रंग खरेच आहेत. पण अजिंठ्याला पुन्हा जाल तेव्हा सगळा वेळ चित्रांपुढे घालवू नका. वाकाटक हरिषेणाच्या काळात सुरू होऊन अर्धवट राहिलेले चोविसावे लेणे पाहा. भिंती गुळगुळीत करायच्या राहून गेल्या, त्यामुळे काळ्या कातळावर छिन्नीचे घाव तसेच दिसतात, ओळीने, शेकड्यांनी. एवढ्या कठीण दगडात छिन्नीची धार किती वेळ टिकणार? त्या डोंगराखाली वाघूर नदीच्या काठी लोहारांचे भाते सतत धगधगत असणार, आणि बोथट छिन्न्या खाली आणायच्या आणि धार लावलेल्या वर न्यायच्या, एवढेच काम करणारी पोरेही असणार.