किल्ल्यांचे दप्तर

रीतसर मूल्य देऊन खरेदी केलेली ब्लू-रे तबकडी संगणकात घातली आणि व्हीएलसीसारख्या मुक्त सॉफ्टवेअरला ती दाखविण्याची आज्ञा केली, तर तबकडीवर यत्किंचितही ओरखडा नसताना चित्र उमटत नाही. आणि किल्ल्यांची नोंद असलेली मजकुराची एक साधी फाइल, म्हणजेच किल्ल्यांचे दप्तर, योग्य स्थळी ठेवताच तोच संगणक तोच चित्रपट निर्वेधपणे दाखवू लागतो. या फाइलीत हे सामर्थ्य कोठून येते, हे उमजण्यासाठी आधी कुलपाची रचना पाहिली पाहिजे.

डीव्हीडीचे कुलूप दुबळे होते. त्याची किल्ली अवघी ४० बिटांची, आणि १९९९ मध्ये डीसीएसएस नावाच्या चिमुकल्या प्रोग्रॅमने तिचे रहस्य जगजाहीर केले. त्यापायी खटला भरला गेलेल्या योन योहानसेन या तरुणास नॉर्वेच्या न्यायालयांनी २००३ साली दोनदा निर्दोष ठरविले. पुढच्या पिढीच्या तबकड्यांसाठी म्हणून डिस्ने, वॉर्नर, सोनी, इंटेल प्रभृती आठ कंपन्यांनी एएसीएस ही १२८ बिटांची नवी व्यवस्था सिद्ध केली.

तिचे मर्म परवान्यात आहे. प्रत्येक मान्यताप्राप्त प्लेअरला गुप्त किल्ल्यांचा एक संच बहाल केलेला असतो आणि प्रत्येक तबकडीवर किल्ल्यांचे एक कोष्टक कोरलेले असते. त्या दोहोंच्या संयोगातून जी किल्ली निष्पन्न होते, तिच्याशी सामान्य वाचनाने हाती न लागणारा तबकडीचा ओळख-क्रमांक जोडला, म्हणजे त्या तबकडीची विशिष्ट किल्ली तयार होते. तीच पुढे चित्रपटाच्या प्रत्यक्ष किल्ल्या उघडते, आणि मग ६१४४ बाइटांचा एकेक तुकडा उलगडत चित्र पडद्यावर येते. एखाद्या प्लेअरच्या किल्ल्या फुटल्याच, तर त्यानंतरच्या तबकड्यांवरील कोष्टक अशा खुबीने रचता येते, की इतर असंख्य यंत्रांना धक्का न लागता तेवढा एकच परवाना रद्दबातल व्हावा. या योजनेच्या हेतूविषयी मतभेद असोत. तिच्यामागील गणित मला नितांत सुंदर वाटते.

परंतु परवाना रद्द करण्याचे हे फर्मान मागील तारखेपासून लागू होत नाही. एकदा विकल्या गेलेल्या तबकडीवरील कोष्टक कोणत्याही कचेरीला बदलता येत नाही, आणि एका छपाईच्या सर्व प्रतींत ही मूल्ये एकच असल्यामुळे तिची विशिष्ट किल्ली कोणी एकवार काढली, की ती त्या छपाईच्या हरएक प्रतीला कायमची लागू पडते. दप्तराचा आधार तो हाच. व्हीएलसीच्याच निर्मात्यांची लिबएएसीएस ही लायब्ररी तबकडीवरील एका विशिष्ट फाइलीचा ४० अक्षरी गणिती ठसा काढते, तो दप्तरात शोधते, आणि नोंद सापडताच तिच्यापुढील ३२ अक्षरी किल्ली उचलून थेट कामाला लागते. प्लेअरच्या किल्ल्या, कोष्टक, प्रमाणपत्र दाखवून मिळवावयाची ड्राइव्हची परवानगी, या मधल्या साऱ्या पायऱ्यांचे सहसा प्रयोजनच उरत नाही. नोंद नसेल, तर मात्र त्या पहिलीपासून चढाव्या लागतात. आणि नव्या तबकड्यांवरून रद्द परवान्यांची यादी ड्राइव्ह स्वतःच टिपून ठेवीत असल्यामुळे, काल चाललेले प्रमाणपत्र आज नाकारले जाण्याचा संभव असतो.

लिबएएसीएसबरोबर एकही किल्ली दिली जात नाही. दप्तर ज्याचे त्याने मिळवावयाचे. ही सावधगिरी अनाठायी नव्हे. २००७ साली तोवरच्या तबकड्या उघडणारा एक अंक प्रकट झाला, तेव्हा तो दडपण्यासाठी एएसीएसच्या परवाना-संस्थेने नोटिसा जारी केल्या, आणि लोकांनी तो अंक गाण्यांत गुंफून व सदऱ्यांवर छापून त्यांना उत्तर दिले. अमेरिकेचा १९९८ चा कायदा कुलूप ओलांडण्यालाच मनाई करतो; आपल्याकडे २०१२ साली प्रतिलिप्यधिकार कायद्यात दाखल झालेले कलम ६५अ हक्कभंगाच्या उद्देशाने केलेल्या कृत्यास दोन वर्षांपर्यंत कारावास व दंड सांगते. उद्देशावर दिलेला हा भर मला अधिक न्याय्य वाटतो, कारण स्वतःची तबकडी स्वतःच्या घरी पाहणारा मनुष्य आणि तिच्या प्रती विकणारा मनुष्य यांना एका रांगेत उभे करणे हा उघड अन्याय आहे.

अधिकृत मार्ग तरी चिरस्थायी आहे काय? ४के ब्लू-रे संगणकावर दाखविण्यासाठी परवानाधारक सॉफ्टवेअरला इंटेलच्या प्रोसेसरमधील एसजीएक्स या सुरक्षा-सुविधेची आवश्यकता होती. घरगुती संगणकांच्या नव्या प्रोसेसरांतून इंटेलने ती काढून टाकली, आणि तबकडीचे व सॉफ्टवेअरचेही दाम मोजलेल्या ग्राहकाला नवा संगणक घेताच त्या चित्रपटांना मुकावे लागले.