व्हिडिओतला नुसता आवाज

मंडळी, मागच्या वेळी प्रश्नोत्तरांत कुणीतरी विचारलं होतं, की सकाळी फिरताना आम्हाला व्याख्यान नुसतं ऐकायचं असतं, मग तेवढा आवाज वेगळा ठेवता येईल का? येतो. आपण ज्याला व्हिडिओ म्हणतो, तो एक डबा आहे असं समजा. त्यात चित्राचा एक प्रवाह आणि आवाजाचा दुसरा. यूट्यूबवर तर हे दोन्ही बहुधा वेगवेगळेच ठेवलेले असतात, आपण पाहतो तेव्हा एकत्र येतात.

म्हणून चार-पाच ओळींची स्क्रिप्ट पुरते. वायटी-डीएलपी हा पायथनमध्ये लिहिलेला मोफत प्रोग्राम, आणि त्याच्या जोडीला एफएफएमपेग. साध्या मजकुराच्या फाइलमध्ये एका ओळीत एक अशा लिंका लिहायच्या. स्क्रिप्ट एकेक ओळ वाचते आणि प्रोग्रामला 'फक्त आवाज आण' असं सांगते. आधी आणलेल्यांची नोंद ठेवायला सांगितलं, की तेच पुन्हा आणत नाही.

लोक मात्र लगेच एमपी३ करून घेतात. अहो, मूळ आवाज ओपस किंवा एएसी या रूपात आधीच दाबलेला असतो. त्याचा पुन्हा एमपी३ करणं म्हणजे झेरॉक्सची झेरॉक्स! तुमचं यंत्र जुनं असेल तरच करा. आकाराचं म्हणाल, तर १२८ केबीपीएसने तासाभराचं व्याख्यान सुमारे ५८ एमबी होतं.

आता अधिकाराचा प्रश्न. आपल्या १९५७ च्या कॉपीराइट कायद्यात, कलम ५२ मध्ये, खासगी वापरासाठी रास्त वापराला जागा आहे. पण यूट्यूबच्या अटी वेगळ्या. परवानगीशिवाय उतरवून घेणं त्यांना मान्य नाही. तेव्हा आधी आयोजकांना विचारा. एक ईमेल लिहायला पाच मिनिटं लागतात, आणि व्याख्यानमाला चालवणारे सहसा खूशच होतात.

एवढा खटाटोप कशासाठी? मीमांसक शब्दाला नित्य मानतात, नैयायिक अनित्य. इंटरनेटवर नैयायिकच जिंकतात. (हशा) चॅनेल बंद झालं, की वर्षानुवर्षांची व्याख्यानं एका रात्रीत जातात. लहान गावातल्या मंडळाकडे दुसरी प्रत नसेल, तर एखाद्या श्रोत्याकडची फाइल हीच उरलेली प्रत. म्हणून वक्त्याचं नाव, विषय, ठिकाण आणि तारीख फाइलच्या नावातच असू द्या. '००१' असं नाव दिलेलं व्याख्यान दहा वर्षांनी कुणाला सापडणार?

आणि वक्त्याने फळा वापरला असेल, तर त्या दिवसाचा व्हिडिओच ठेवा. तर्कशास्त्रातलं सत्यता-कोष्टक नुसतं ऐकून कुणाला कळल्याचं मी तरी पाहिलेलं नाही.