प्लेटोचे संवाद आणि मेंढा (लेखा)चा अभ्यासगट

तत्त्वज्ञान आणि साहित्य संवादात एकत्र येतात, याची उदाहरणं आपण प्लेटोपासून देतो. आपल्याकडे ज्ञानेश्वरीही कृष्णार्जुनाच्या संवादावर उभी आहे. आणि विनोबांचं ‘स्वराज्यशास्त्र’ प्रश्नोत्तरांच्या रूपात आहे!

संवादाचा हाच धागा गडचिरोलीत, धानोरा तालुक्यातल्या मेंढा (लेखा) या गोंड गावात प्रत्यक्ष जगण्यात दिसतो. गावातलेच देवाजी तोफा आणि विनोबा-विचारांचे अभ्यासक मोहन हिराबाई हिरालाल यांच्या साथीनं इथे अभ्यासगट रुजला. एखादा विषय घ्यायचा, गरज वाटली तर बाहेरचा जाणकार बोलवायचा, मोकळेपणानं प्रश्न विचारायचे. अभ्यासगट निर्णय घेत नाही. निर्णय ग्रामसभेत आणि तोही सर्वसहमतीनं. त्यामुळे चर्चेत कुणाला जिंकायचं नसतं, समजून घ्यायचं असतं. 2009 मध्ये या गावाला सामूहिक वनहक्क मिळाला, त्यामागे हा दीर्घ अभ्यास होता.

‘शाळा’ कादंबरीचे लेखक मिलिंद बोकील यांनी ही कहाणी ‘गोष्ट मेंढा गावाची’मध्ये लिहिली. चंद्रपूर जिल्ह्यातल्या पाचगाववरही त्यांचं ‘कहाणी पाचगावची’ हे पुस्तक आहे. दोन्ही जरूर वाचा, आणि चार जण जमवून त्यावर बोला. तुमच्या गटाचा पहिला प्रश्न कोणता असेल?