खेळण्यातले सैनिक आणि पडद्यावरचे युद्ध

दिवाळीच्या सुट्टीत पिंपळीत दगडविटांवर चिखल थापून मुले किल्ला उभारतात. त्यावर अळीव पेरतात, बुरुजावर मातीचे मावळे बसवतात. शहाजीराजांच्या जहागिरीतले सुपे आपल्याच तालुक्यात आणि मालोजीराजांची गढी शेजारच्या इंदापुरात. म्हणजे येथे इतिहास आधी घडला व खेळणे मागाहून आले. हा क्रम उलटला तर काय होते, ते 'जी. आय. जो' या चित्रमालिकेवरून समजते.

अमेरिकेच्या हॅस्ब्रो कंपनीने १९६४ साली या नावाचा सुमारे फूटभर उंचीचा सैनिक बाजारात आणला. मुलगे बाहुलीशी खेळणार नाहीत, म्हणून त्याला 'बाहुली' न म्हणता 'ॲक्शन फिगर' असे नाव दिले. १९८२ मध्ये त्याची पावणेचार इंची आवृत्ती निघाली. या वेळी प्रत्येक सैनिकाला नाव व पूर्वचरित्र होते. जोडीला चित्रकथा, पुढे दूरदर्शनमालिका आणि लढण्यासाठी 'कोब्रा' नावाची शत्रुसंघटनाही होती. पूर्वी शत्रू कोण हे मूल ठरवीत असे. आता तोही दुकानात मिळू लागला.

ही खेळणी आपल्याकडेही आली. हॅस्ब्रो व एम. आर. एफ. यांच्या भागीदारीतून निघालेल्या फनस्कूल कंपनीचा कारखाना गोव्यात आहे. परदेशी साच्यांतून काढलेले, पण कित्येकदा निराळ्या रंगांचे हे सैनिक नव्वदीच्या दशकात भारतीय मुलांच्या हाती होते.

२००९ मध्ये या खेळण्यांवर चित्रपट निघाला. त्याचा दुसरा भाग, 'रिटॅलिएशन', जून २०१२ मध्ये यावयाचा होता. त्याला त्रिमितीय रूप देण्यासाठी तो मार्च २०१३ पर्यंत लांबला. जगभर त्याने ३७ कोटी डॉलरांहून अधिक मिळवले.

त्यातील एक प्रसंग पाहा. उपग्रहातून जड धातूचा दांडा नुसता सोडून दिला जातो आणि लंडन उद्ध्वस्त होते. वस्तुतः चालत्या एस.टी.च्या खिडकीतून सोडलेली पिशवी जशी क्षणभर गाडीबरोबरच पुढे जाते, तसा उपग्रहातून सोडलेला दांडा त्याच वेगाने पृथ्वीभोवती फिरत राहील. त्याला खाली आणावयाचे तर उलट दिशेने जोर देऊन वेग कमी करावा लागेल. शिवाय शहर पडते, पण शहरातील माणसे दिसत नाहीत. खेळण्याच्या युद्धात जखम नसते. पडलेला सैनिक पुन्हा उभा करता येतो. पडद्याने ही सोय उचलली, आणि ती खऱ्या युद्धाच्या वेषात दाखवली.

म्हणून असे चित्रपट मुलांना दाखवू नयेत काय? बंदीने काही साधत नाही. घरी परतताना मुलाला एवढेच विचारावे: त्या शहरातल्या माणसांचे पुढे काय झाले असेल? मातीच्या मावळ्याला पूर्वचरित्र छापून मिळत नाही; ते मूल स्वतः रचते, आजोबांना विचारते, चुकते, पुन्हा रचते. कथा रचण्याचा हा हक्क मुलाच्या हातून जाऊ नये, एवढी काळजी आपण घेतली पाहिजे.