कॅमेऱ्याने दाखवला सावकारी पाश

वळसंगहून सोलापूर फार लांब नाही. पूर्वी पाऊस हुकला, कर्ज वाढले आणि जमीन सावकाराच्या घशात गेली, की अशा कोरडवाहू गावांतला माणूस शहरातल्या गिरणीची वाट धरी. ही व्यथा १९२५ सालीच पडद्यावर आणणारा माणूस कोल्हापूरच्या एका मिस्त्र्याचा मुलगा होता. त्याचे नाव बाबुराव पेंटर.

१८९० साली जन्मलेले बाबुराव भाऊ आनंदरावांबरोबर नाटकांचे पडदे रंगवीत. सिनेमा पाहून दोघांनी ठरवले, कॅमेरा आपणच करायचा. १९१६ साली आनंदराव गेले. पण बाबुरावांनी हातचे काम सोडले नाही. लेथवर एकेक भाग घडवून, दामल्यांच्या मदतीने त्यांनी कॅमेरा उभा केला. मग महाराष्ट्र फिल्म कंपनी निघाली. १९२० साली त्यांचा ‘सैरंध्री’ आला आणि लोकमान्यांनी त्यांना ‘सिनेमा केसरी’ म्हटले. १९२३ च्या ‘सिंहगड’साठी त्यांनी दिव्यांच्या उजेडात रात्रीचे देखावे टिपले. तोवर आपल्याकडचे चित्रण उन्हाच्या भरवशावर चाले. दामले, फत्तेलाल आणि शांताराम हे तिघेही त्यांच्याच हाताखाली तयार झाले.

इतिहासाच्या चित्रांना गर्दी होत असताना बाबुरावांनी ‘सावकारी पाश’ काढला. त्यात ना तलवार, ना मुकुट. एक शेतकरी कर्जापायी जमिनीला मुकतो आणि शहरात गिरणी कामगार होतो, एवढीच गोष्ट. तरुण शेतकऱ्याचे काम शांतारामांनी केले. अंधूक उजेडातली झोपडी आणि भुंकणारे कुत्रे हा त्यातला देखावा पाहणारे पुढे अनेक वर्षे विसरले नाहीत. देवादिकांच्या चित्रांना सरावलेल्या लोकांनी मात्र या चित्राला फारसा आश्रय दिला नाही. तरी बाबुरावांनी १९३६ साली तेच चित्र पुन्हा, बोलपटाच्या रूपात काढले.

ही कथा मनची नव्हती. १८७५ साली दक्षिणेतल्या शेतकऱ्यांनी सावकारांचे खतपत्र जाळले, तेव्हा १८७९ चा कायदा झाला आणि त्यात सोलापूर जिल्हाही होता. आज २०१४ चा सावकारी नियमन कायदा आहे. बेकायदा सावकाराने जमीन बळकावली असेल, तर जिल्हा उपनिबंधकांकडे दाद मागता येते.

तेव्हा मंडळी, कोणत्याही कागदावर सही किंवा अंगठा देण्याआधी तो घरातल्या शिकत्या मुलामुलीकडून मोठ्याने वाचून घ्या. पडद्यावरच्या शेतकऱ्याला ते जमले नाही. आपल्याला जमण्यासारखे आहे.